बुरुल अपाचा चुन्याचा गोल

बुरुल अपा लोकांसाठी रडायची. तेच तिचं काम होतं. बिश्केकमधल्या ज्या घरात स्वतःच्या आईसाठी कुणाला चार ओळी सुचत नसत, त्या घरातून तिला बोलावणं यायचं. अंगणात नमद्याचं, म्हणजे दाबलेल्या लोकरीच्या जाड कापडाचं, गोल घर उभं राहिलं, आत पडद्यामागे मयत ठेवलं, की बायका भिंतीकडे तोंड करून बसायच्या आणि बुरुल अपा सुरू करायची. आधी मयताच्या बापाचं नाव, मग त्याच्या बापाचं, असे सात बाप. मग कूळ कोणतं, कोणत्या नदीचं पाणी पिऊन वाढला, कोणत्या डोंगरावर मेंढ्या चारल्या. बाहेर काठीवर रेलून उभे असलेले पुरुष, ज्यांनी दहा वर्षांत मयताला साधा फोन केलेला नसे, तेही ढसाढसा रडायचे. परतताना तिच्या पिशवीत उकडलेल्या घोड्याच्या मांसाचा तुकडा असायचा, आणि एखादा नवा रुमाल. रुमाल ती कुणाला तरी देऊन टाकायची. मांस आम्ही दोघी खायचो.

मी साल्कीन. बाजारातल्या खानावळीत भांडी घासते. माझ्या जिभेला हाड नाही असं लोक म्हणतात आणि ते खोटं बोलत नाहीत. बुरुल अपाची खोली तीन नंबरची, माझी चार. मधली भिंत इतकी पातळ की तिनं कूस बदलली तरी मला कळायचं.

आमची बराक शिवणकामाच्या कारखान्यानं बांधली होती, कामगारांसाठी, पाच वर्षांपुरती. ती पाच वर्षं संपली तेव्हा माझा जन्मही झालेला नव्हता. चौदा खोल्या, मधून एक बोळ, अंगणात एक नळ. थंडीत त्या नळाला आम्ही आमच्यापेक्षा जास्त कपडे घालायचो, तरी तो गोठायचाच. संडास अंगणाच्या टोकाला, दोन. त्यातल्या एकाचं दार आतून हातानं ओढून धरावं लागतं. भिंतींना गुडघ्यापर्यंत ओल, एप्रिलमध्ये कमरेपर्यंत. कारखाना बंद पडला आणि भिंती आमच्या गळ्यात आल्या. दर वर्षी सरकारी माणूस येतो, भिंतीच्या भेगेत बोटं घालून बघतो, कागदावर लिहितो, ‘राहण्यास अयोग्य’. लिहून तो आपल्या घरी जातो आणि आम्ही आमच्या.

तीन पावलं लांब, तीन पावलं रुंद अशा खोलीत पोराबाळांचा संसार मावत नाही. म्हणून एकेकानं खिडकी फोडली, दार काढलं आणि अंगणात कच्च्या विटांची आणखी एक खोली ओढली. कुणी स्वयंपाकघर, कुणी कोळशाची कोठी, कुणी कोंबड्यांचं खुराडं. अंगण वापरातल्या साबणासारखं झिजत गेलं. वाढवलं नाही ते फक्त बुरुल अपानं. तिनं उरलेल्या जागेच्या मधोमध एक खिळा ठोकला, त्याला तीन पावलांची दोरी बांधली आणि दोरी ताणून धरत, हातात बादली घेऊन, जमिनीवर चुन्याचा गोल काढला. वसंतात रस्त्यावरच्या झाडांच्या बुंध्यांना चुना लावतात, त्यातला उरलेला ती मागून आणायची. दर वर्षी गोल नवा व्हायचा.

“हे काय, अपा?” मी पहिल्यांदा विचारलं होतं.

“इथे माझं घर उभं राहील. मी गेल्यावर.”

नमद्याचं घर किती जागा घेतं हे तिच्याइतकं शहरात कुणाला ठाऊक असणार! शेकडो घरांत बसून आलेली बाई ती. सगळी बराक हसली. सहा नंबरच्या माम्बेतला त्याची खटारा गाडी लावायला तीच जागा हवी होती.

“अपा, मरायची तारीख सांगा,” तो म्हणाला. “तोवर गाडी लावतो, आदल्या दिवशी काढतो.”

“तुझी गाडी माझ्याआधी मरेल, मेल्या. तिचं मयत माझ्या जागेत नको.”

मीसुद्धा टोमणे मारायला मागे नव्हते. “जिवंतपणी या डबक्यात कुजतेस,” मी म्हणायचे, “आणि मेल्यावर तुला अख्खं अंगण हवं!”

“जिवंतपणी माणूस कुठेही राहतो, साल्कीन. कुत्रंही राहतं. जाताना मात्र घरातून जावं. कुणीतरी रडणारं हवं. खोलीतून पेटी उचलावी तसं मला उचलू नका.”

तिला तेवढंच हवं होतं. बाकी तिच्याकडे होतं काय! सतराव्या वर्षी डोंगरातून इथं शिवायला आली. लग्न झालं. एक मुलगी झाली, ती आठ महिने जगली. नवरा कारखान्यातल्याच दुसऱ्या बाईबरोबर निघून गेला. मला एवढंच माहीत होतं, तेही कधी हिच्याकडून, कधी तिच्याकडून ऐकलेलं. उन्हाळ्यात ती गोलाच्या काठावर स्टूल टाकून बसायची, रिकाम्या जागेची राखण करत. येणारेजाणारे वळसा घालून जायचे, थांबायचं कुणी नाही. मयताचं बोलावणं आलं की मात्र तिची पाठ ताठ व्हायची. कितीही लांब असो, थंडी असो, नाही म्हणायची नाही. “या अपा, इकडे वर बसा,” असं तिला फक्त मयताच्या घरीच म्हणायचे ना लोक.

संध्याकाळी कधी भिंतीपलीकडून हलकं गुणगुणणं यायचं. तसलंच, रडण्याचं. एकदा मी विचारलं, “आज कुणासाठी?”

“कुणासाठी नाही. आवाज गंजू नये म्हणून.”

मग अकरा नंबरमध्ये एर्मेक आणि गुलबार आले. दक्षिणेकडचे, कोवळी जोडी, कडेवर सहा महिन्यांचं पोर. एर्मेक बाजारात हातगाडी ओढायचा. नव्यानं आलेल्यांच्या घरी पहिल्या दिवशी चूल पेटू द्यायची नाही, शेजाऱ्यांनी जेवू घालायचं, ही आमची रीत बराकीत कधीच बुडाली होती. कोण येतं, कोण जातं, कुणाला कुणाचं नाव ठाऊक! पण बुरुल अपा पातेलंभर शोरबा घेऊन अकरा नंबरला गेली, आणि परत आली ती दोन तासांनी.

त्याच हिवाळ्यात, जानेवारीत, त्यांचं छत पडलं. सकाळची वेळ. बर्फाचं ओझं, आत वर्षानुवर्षं मुरलेलं पाणी, सगळं छत एकदम खाली आलं. गुलबार पोराला पाठीशी बांधून नळाच्या रांगेत उभी होती म्हणून वाचली. खोलीत खाटेवर छतात भरलेली कोळशाची राख, माती आणि वरून आभाळ. बुरुल अपानं तिघांना हाताला धरून आपल्या खोलीत आणलं. मी भिंतीला कान न लावता सगळं ऐकत होते: पोराचा खोकला, गुलबारचं मुसमुसणं, अपाचं “निजा रे, निजा”. एर्मेक रोज एका कचेरीत जायचा. त्याला सांगितलं, वसंतात या.

अकराव्या दिवशी बराकीतले लोक अंगणात जमले. नवी खोली बांधायला जागा एकच उरली होती. एर्मेक पोराला घेऊन मागे उभा होता. माम्बेतनंच विचारलं.

“सगळं मागा,” बुरुल अपा म्हणाली. “माझी खोली घ्या. मी दाराशी झोपीन. तो गोल नको.”

“अपा, पोर खोकतंय,” कुणीतरी म्हणालं.

“दिसतंय मला. माझ्याच उशीवर खोकतंय.”

आणि मी बोलून गेले. सगळ्यांसमोर. “मेलेल्यांच्या जिवावर पोट भरलंस, आता मेल्यावरही जिवंतांची जागा अडवणार?”

ती माझ्याकडे बघत राहिली. रागानं नाही. मी तिला परकी असल्यासारखी. मग आत गेली. मला त्याच क्षणी जीभ हासडून टाकावीशी वाटली, पण माफी मागायची सवय माझ्या तोंडाला नाही. तीन दिवस आम्ही बोललो नाही.

चौथ्या दिवशी ती शहराच्या पलीकडे कुठेतरी मयताला गेली. दुसऱ्या दिवशी सकाळी अंगणात धपधप आवाज. बघते तर बुरुल अपा गोलात उभी, हातात पहार, गोठलेल्या जमिनीवर गरम राख ओतून ती फोडतेय. एर्मेक धावत आला.

“अपा, काय करताय?”

“पाया. तुला खणता येतं, की नुसती गाडीच ओढता येते?”

तो बिचारा तिच्या हातातली पहार घ्यायलाही विसरला. तिथेच बर्फात उकिडवा बसून रडायला लागला. “वेळ येईल तेव्हा ही खोली मी माझ्या हातानं पाडीन, अपा. अल्लाची शपथ. इथेच तुमचं घर उभं करीन. आणि गुलबार तुमच्यासाठी रडेल.”

“बघू. आधी भिंत तरी सरळ उभी कर.”

मयताच्या घरून आणलेलं मांस तिनं माझ्या दारात आणून ठेवलं, म्हणजे आमचा अबोला संपला. मग तिनंच सांगितलं. त्या लांबच्या मयताला प्रशस्त अंगण होतं, पांढराशुभ्र नमदा होता, घोडा कापला होता. आणि आत, मयताजवळ, घरची एकही बाई नव्हती. सगळ्या पाहुण्यांच्या ताटांमागे. ती एकटीच रडली, भाड्याची.

“घर काय, मिळतं गं,” ती म्हणाली. “आत बसणारं कुणीतरी लागतं.”

पुढची दोन वर्षं बुरुल अपाची खोली मला ओळखू येत नव्हती. पोर दिवसभर तिच्याकडे. ते पहिलं पाऊल टाकायला लागलं तेव्हा आमच्या रीतीप्रमाणे त्याच्या पायांना बांधलेली काळीपांढरी दोरी कापायचा मान तिला दिला, आणि ती कात्री घेऊन अशी मिरवली की जणू खानाच्या दरबारातून आलीय. संध्याकाळी ती गुलबारला विलाप शिकवायची. गुलबारचा आवाज चिरका, पण ती मन लावून म्हणायची. “नाकातून नको,” अपा ओरडायची. “मयत मी असणार आहे, मला ऐकायचंय ते!” आणि दोघी खिदळायच्या. पुरुषांसाठी वेगळा, पोरासोरांसाठी वेगळा, नवऱ्यासाठी वेगळा. सगळे विलाप शिकवले तिनं. स्वतःचा तेवढा राहिला. “त्याला अजून वेळ आहे,” म्हणायची.

मग एर्मेकच्या भावानं रशियातून बोलावलं. बांधकामावर काम, राहायला कोरडी खोली. कोण थांबणार? खोली त्यांनी एका कांद्याच्या व्यापाऱ्याला विकली. एर्मेकनं त्याला माझ्यासमोर भाकरीवर हात ठेवून शपथ घातली: अपा गेली की तीन दिवसांसाठी खोली पाडायची, मग हवी तर परत बांध. व्यापारी म्हणाला, हो हो. कांदा विकताना म्हणतात तसं.

गुलबार अपाच्या गळ्यात पडून सुटेना. अपानंच तिचे हात सोडवले. “जा. पोरगं ओलीत नको वाढायला. माझी काळजी नको, मी काही लगेच मरत नाही.”

ती लगेच मेली नाहीच. चार वर्षं जगली, आणि ती चार वर्षं भिंतीपलीकडे इतकी शांतता होती की मीच मधूनमधून भिंतीवर थाप मारायचे. पलीकडून एक थाप यायची. बोलावणीही कमी झाली. मशिदीतली तरुण पोरं सांगायला लागली की मयतावर आक्रोश करणं पाप आहे. मोठ्या घरांतून आता ठरावीक कुराणपाठ आणि शिस्तीत जेवण. बुरुल अपाचा आवाज खरंच गंजला. उन्हाळ्यात ती स्टूल घेऊन बाहेर यायची, पण बसायला काठ कुठे राहिला होता! कांद्याच्या खोलीला टेकून बसायची. मी कामावरून यायचे तेव्हा थकलेली असायचे. “बस गं जरा,” ती म्हणायची. “उद्या बसते, अपा,” मी म्हणायचे. असे किती उद्या झाले, कुणी मोजले!

नोव्हेंबरात एका सकाळी ती नळावर आली नाही. मी थाप मारली. परत मारली. मग दार ढकललं. ती झोपेतच गेली होती, गार पडली होती, भिंतीकडे तोंड करून. माझ्या भिंतीकडे.

व्यापाऱ्याचा फोन बंद. तो कांदा आणायला दक्षिणेत गेलेला. माम्बेतनं, त्याच माम्बेतनं, कुलूप तोडलं. आत जमिनीपासून छतापर्यंत कांदा. तरी बराकीतल्या पुरुषांनी गोणी बाहेर काढायला सुरुवात केली. बाहेर बर्फमिश्रित पाऊस. वीसेक गोणी निघाल्या असतील, तोवर मोलदो आले, मशिदीचे म्हातारे मौलवी, मनानं वाईट नव्हते.

“बाबांनो, भिंती कधी पाडणार, चिखलात नमदा कधी ताणणार? नमदा तरी कुठाय? मयताला कांद्यासाठी ताटकळत ठेवू नका. आजच दफन करू. हिचं कुणी येणारं आहे का?”

आमच्यात बाई गेली की माहेरचे आणि सासरचे भांडतात, मयत आमचं म्हणून. डोकी फुटतात. बुरुल अपावरून कुणी भांडलं नाही. पुरुषांनी गोणी परत आत ठेवल्या, कांदा भिजेल म्हणून.

आम्ही तिघींनी तिला आंघोळ घातली, पांढऱ्या कापडात गुंडाळलं. मग उरलेल्या दोघी माझ्याकडे बघायला लागल्या. मुकाट्यानं कुणाला पाठवू नये, ही तर आमची साधी रीत. आणि बुरुल अपाला पाठवायचं मुकाट्यानं? मी भिंतीकडे तोंड करून बसले. इतकी वर्षं पलीकडून ऐकलेलं सगळं मला पाठ होतं; चाल, हेल, कुठे श्वास घ्यायचा तेसुद्धा. आवाज लावला. आता बापाचं नाव.

मला तिच्या बापाचं नाव माहीत नव्हतं. कूळ माहीत नव्हतं. डोंगरातून आली, पण कोणत्या डोंगरातून? नदी कोणती? मी राहायला आले त्या दिवशी तिनं मला माझे सात बाप विचारले होते, आणि पाचव्याला अडखळले तर रागावली होती. एकोणीस वर्षं आम्ही एका भिंतीला पाठ लावून झोपलो आणि मी एकदाही उलट विचारलं नाही. ओळखपत्रावर बापाचं नाव सापडलं असतं कदाचित, पण ते मोलदोंनी दफनाच्या कागदांसाठी नेलं होतं. आणि एका नावानं काय होतं? हेल नुसताच खोलीत फिरत राहिला. “तीन नंबरची बुरुल,” मी म्हटलं. “नळावर पहिली येणारी बुरुल.” त्यापुढे मला काही आलं नाही. रडूही त्या वेळी आलं नाही.

बोळाचं वळण अरुंद. जनाजा वळेना. पुरुषांनी दोनदा प्रयत्न केला, मग माम्बेतनं खिडकीची चौकट काढली आणि तिला खिडकीतून बाहेर दिलं, हातोहात, पावसात. पेटी उचलावी तसं.

फेब्रुवारीत एर्मेकचा फोन आला. मी खानावळीत, कोपरापर्यंत साबण. त्याला बातमी तेव्हाच कळली होती, गावच्या कुणाकडून; फोन मात्र आत्ता करत होता.

“साल्कीन एजे,” तो म्हणाला, “त्यानं खोली पाडली ना? मी शपथ घातली होती त्याला.”

माझ्या तोंडात सगळं तयार होतं. तीन महिने तेच घोळवत होते मी: तू विकलीस, कांद्याला विकलीस, ती खिडकीतून गेली. मी बोलायला तोंड उघडलं. मागून गुलबारचा श्वास ऐकू येत होता, फोनला कान लावून उभी असणार.

“पाडली,” मी म्हटलं. “सकाळीच पाडली. दुपारपर्यंत घर उभं होतं.”

“नमदा?”

“पांढरा. माम्बेतनं आणला.”

“आणि माहेरचे? माहेरचे आले होते?”

“आले होते. खूप आले होते. अंगणात मावेनात.”

“अल्ला!” तो म्हणाला. मग हळूच: “एजे, कुठली होती हो ती? आम्ही कधी विचारलंच नाही.”

मी ओला हात तोंडावर धरला. तिकडे ती दोघं रडायला लागली, समाधानानं. इकडे मीही रडले, पहिल्यांदाच. त्यांना वाटलं, आम्ही तिघं एकाच गोष्टीसाठी रडतोय.